पाटाच्या दारापर्यंत

त्या गावात मी पहिल्यांदा गेले त्या सकाळी माझा पेशंट अंगणात खुर्चीवर बसून डुकराला गोळी घालत होता.

खुर्ची जेवणाच्या टेबलाजवळची, साधी लाकडी. मांडीवर घोंगडी आणि हातात रायफल. समोर दोन शेजारी डुकराच्या गळ्यातली दोरी ताणून धरून उभे होते. मी गाडीचं दार उघडलं आणि त्याच क्षणी आवाज झाला. डुक्कर पुढच्या गुडघ्यांवर बसलं, मग कुशीवर पडलं. एक लहानखुरी म्हातारी सुरी घेऊन पुढे झाली. डाव्या हाताने तिने डुकराचा गळा चिरला, पायाने परात सरकवली आणि रक्त परातीत पडायला लागलं. थंडी इतकी होती की रक्तातून वाफा निघत होत्या.

खुर्चीवरच्या माणसाने माझ्याकडे पाहिलं. "तू मला चालवणारी ना?" तो इंग्रजीत म्हणाला. "थांब जरा. हे उरकू दे."

मी फिजिओथेरपिस्ट आहे. नागपूरला शिकले, इथे अमेरिकेत येऊन लायसन्सच्या परीक्षा दिल्या, पूर्व किनाऱ्याकडच्या हर्नडनच्या एका रिहॅब सेंटरमध्ये बरीच वर्षं काम केलं. मग नवऱ्याची कंपनी त्याला घरून काम करू द्यायला लागली आणि डोंगर हवेत, मोकळं आकाश हवं, या त्याच्या हट्टापायी आम्ही न्यू मेक्सिकोत आलो. मला पेशंटच्या घरी जाऊन व्यायाम करून घेण्याचं काम मिळालं. शहरातून निघायचं आणि डोंगरातल्या खोऱ्यांमध्ये एकामागून एक गावं करत संध्याकाळपर्यंत परत यायचं.

हा सगळा मुलूख कधीकाळी स्पेनच्या राजाचा एक दूरचा प्रांत होता. राज्य गेलं, त्यानंतर आणखी दोन सत्ता आल्या, पण गावं तशीच राहिली. मातीच्या विटांची घरं, एक बुटकं चर्च, बंद पडलेली शाळा, पत्र्याच्या पेटीसारखी फिरती घरं आणि साखळीला बांधलेली कुत्री. लोक घरात स्पॅनिश बोलतात आणि तीही इतकी जुनी की शहरातल्या स्पॅनिश बोलणाऱ्यांना हसू येतं. रस्त्यावरच्या प्रत्येक पाटीला गोळ्यांची भोकं. वळणावळणावर गाडी उलटून किंवा भोसकून मेलेल्यांसाठी लावलेले लाकडी क्रूस. आणि प्रत्येक गावातून एक पाट. नदीवरून काढलेला मातीचा पाट, त्याला प्रत्येक शेतापाशी लाकडी फळीचं दार, आणि पाण्याच्या ठरलेल्या पाळ्या. मी पहिल्यांदा तो पाट पाहिला तेव्हा क्षणभर मला आईच्या माहेरी गेल्यासारखं वाटलं होतं. तिथेही असंच दारं धरायला लोक फावडं खांद्यावर टाकून जायचे.

म्हाताऱ्याच्या खुब्याचं हाड शरदात मोडलं होतं. ऑपरेशन झालं, जखम चिघळली, पुन्हा ऑपरेशन झालं. हॉस्पिटलात त्याने सांगितलं होतं की पाटाच्या काठावर पाय घसरला. मला त्याने दुसऱ्याच व्हिजिटला खरं सांगितलं. पाटाच्या वरच्या अंगाला त्याचा चुलतभाऊ राहतो. दोघांच्या आजोबांची एकच जमीन, ती वाटली गेली, आणि वाटणीत वरचं दार चुलतभावाकडे गेलं. त्या दिवशी पाळीवरून बोलाचाली झाली आणि चुलतभावाने त्याला छातीवर हात ठेवून पाटात ढकललं.

"पोलिसांना का नाही सांगितलंत?" मी विचारलं.

त्याला प्रश्नच कळला नसावा. पोलिसांचा काय संबंध, असा त्याचा चेहरा झाला.

आमच्या कामात पेशंटला विचारावं लागतं की तुम्हाला चालता आलं तर कुठे जायचंय. कुणी म्हणतं चर्चला, कुणी म्हणतं नातीच्या लग्नात नाचायचंय. तो म्हणाला, पाटाच्या दारापर्यंत. मला ते फार आवडलं. घराच्या मागच्या दारातून निघून, शेताच्या कडेकडेने, उतार चढून, वरच्या दारापर्यंत. मी तसं ठरवून टाकलं आणि आम्ही कामाला लागलो.

असा पेशंट मी पाहिला नव्हता. दहा वेळा पाय उचला म्हटलं की तो दमेपर्यंत उचलायचा. दुखलं की शिवी द्यायचा आणि पुन्हा उचलायचा. मला 'मिहा' म्हणायचा, म्हणजे पोरी. मी शिकवलेली प्रत्येक गोष्ट त्याच्या लक्षात राहायची: काठी कुठल्या हातात धरायची, उतारावर कुठला पाय आधी, खाली पडलेली वस्तू उचलताना ऑपरेशनचा पाय मागे कसा ठेवायचा.

बायकोशी, म्हणजे डुकराचा गळा चिरणाऱ्या त्या म्हातारीशी, मात्र त्याचं बोलणं कमी. ती स्वयंपाकघरात असायची, मिरच्यांचा रस्सा आणि डुकराचं मांस शिजत असायचं, आणि मी निघताना ती मला डबा भरून द्यायची. मी मांस खाते म्हटल्यावर तिला बरं वाटलं; तिला कुणीतरी सांगितलं होतं की भारतीय लोक फक्त पाला खातात. तिचा उजवा हात खांद्याच्या वर जात नव्हता. फडताळातलं काही काढायचं तर ती स्टुलावर चढून डाव्या हाताने काढायची. मी विचारलं तर म्हणाली, घोड्यावरून पडले होते, जुनं आहे. अधूनमधून ती चर्चपाशी, जिथे रेंज यायची तिथे जाऊन, मला फोन करायची: आज येऊ नको, तो झोपलाय. पुढच्या वेळी म्हातारा माझ्यावर चिडायचा की तू आली का नाहीस.

मार्चमध्ये चुलतभावाने म्हाताऱ्याच्या कुत्र्याला गोळी घातली. त्याच्या कोकरांच्या मागे लागला होता म्हणे. मी पोहोचले तेव्हा कुत्रा मागच्या पायरीवर पडलेला होता, पोटातून आरपार गोळी गेलेली, आणि अजून जिवंत होता. म्हाताऱ्याने वॉकर धरून वाकून पाहिलं, बायकोला रायफल आणायला सांगितली आणि कुत्र्याच्या कानामागे गोळी घातली. मग मला म्हणाला, "चल, सुरू कर." मी म्हटलं, आज राहू द्या. तो ऐकेना. पायरीवरचं रक्त बायको पाणी ओतून झाडूने लोटत होती आणि तो तिच्या शेजारून त्याच पायरीवर चढउतार करत होता.

त्या संध्याकाळी मी नवऱ्याला सगळं सांगितलं. तो म्हणाला, "हे काय चाललंय यार? दुसरा एरिया माग." मी हो म्हटलं आणि मागितला नाही. इतक्या वर्षांत इतकं झटून बरा होणारा माणूस मला भेटला नव्हता, आणि त्याला सोडवत नव्हतं.

एप्रिलमध्ये डोंगरावरचा बर्फ वितळायला लागला आणि पाटाला पाणी आलं. एका मंगळवारी, छान ऊन पडलेलं असताना, म्हातारा म्हणाला की आज दारापर्यंत जाऊ. त्याची तयारी झाली होती. मी त्याच्या कमरेला आमचा रुंद पट्टा बांधला. पेशंटचा तोल गेला तर धरायला असतो तो. मागून पट्टा धरायचा आणि पाठोपाठ चालायचं. उजव्या हातात काठी घेऊन तो निघाला. मागच्या दारात त्याची बायको हात पुसत उभी होती.

आम्ही सावकाश उतार चढलो. एकदा थांबून त्याने श्वास घेतला. वर पोहोचलो तेव्हा चुलतभाऊ दाराशीच होता. हाही सत्तरीतलाच, पण आडवा, दणकट. पाण्याची फळी त्याने त्याच्या शेताकडे वळवली होती आणि फावड्याने चिखलाचा बांध नीट करत होता. दुसरं एक फावडं काठावर मातीत खोचलेलं होतं.

त्यांची स्पॅनिश मला अर्धीमुर्धी कळायची. म्हातारा म्हणाला, आज पाळी माझी आहे. चुलतभाऊ मान वर न करता म्हणाला की त्याला वाटलं होतं, लंगड्याला आता पाणी लागत नाही. माझ्याकडे पाहून आणखी काही बोलला; ते बाईचा पदर धरून चालण्याबद्दल असावं. म्हातारा हसला. मग वळून मला म्हणाला, "मिहा, ही धर." आणि काठी माझ्या हातात दिली.

मला वाटलं, त्याला थोडं उभं राहून विसावा घ्यायचाय. मी एका हाताने काठी घेतली, दुसऱ्याने पट्टा धरलेला. तो वाकला. अगदी मी शिकवल्यासारखा, ऑपरेशनचा पाय मागे ठेवून, पाठ सरळ ठेवून. खोचलेलं फावडं त्याने उपसलं आणि सरळ होता होता फिरवलं.

पात्याची कड चुलतभावाच्या भुवईखाली लागली. ओल्या लाकडावर कुऱ्हाड बसते तसा आवाज आला. चुलतभाऊ मागे गेला, पाटात एक पाय गेला, पण तो पडला नाही. चेहऱ्याची डावी बाजू उघडी झाली होती. म्हाताऱ्याने पुन्हा फावडं उचललं. मी काठी टाकली, दोन्ही हातांनी पट्टा मागे खेचला आणि ओरडले. काय ओरडले ते आठवत नाही, मराठीत ओरडले एवढं खरं. दुसरा वार चुलतभावाच्या खांद्यावर बसला. मग चुलतभावाने आपलं फावडं उचललं. त्याला एका डोळ्याने दिसत होतं आणि त्या डोळ्यातही रक्त होतं. त्याने म्हाताऱ्याच्या डोक्यावर नेम धरला असणार. मी पट्टा खेचल्यामुळे म्हातारा बाजूला झाला होता आणि तिथे मी होते. मी डावा हात वर केला.

मनगट आणि कोपराच्या मध्ये हाड मोडलं. दुखलं नंतर. आधी फक्त कळलं की हात आता माझ्या म्हणण्याप्रमाणे हलत नाही. मी आणि म्हातारा दोघंही चिखलात पडलो. पडल्यावरही तो थांबला नाही. चुलतभावाचा घोटा धरून त्याला खाली ओढलं, आणि ती दोन म्हातारी माणसं माझ्या पायांवर एकमेकांचे गळे, केस, कान ओरबाडत राहिली. चुलतभावाने त्याच्या ऑपरेशनच्या खुब्यावर गुडघा दाबला तेव्हा म्हातारा गुरासारखा हंबरला आणि त्याने चुलतभावाच्या हाताचा चावा घेतला, सोडलाच नाही.

मग बंदुकीचा आवाज झाला.

त्याची बायको उतारावर उभी होती. गोळी तिने पाटात मारली होती. पाणी उडून आमच्या अंगावर आलं. रायफलचा दस्ता तिने डाव्या खांद्याला लावला होता. दोघं सुटे झाले. चुलतभाऊ काठाला टेकून बसला. म्हातारा पालथा होता, तो कोपरांवर उठला आणि तिला म्हणाला, "मार त्याला."

नळी चुलतभावाकडे नव्हती. नवऱ्याकडे होती. मी त्या नवराबायकोच्या मधल्या रेषेपासून वीतभरच दूर पडले होते, त्यामुळे मला ती नीट दिसत होती. म्हाताऱ्यालाही दिसली. त्याचं तोंड उघडं राहिलं, आजूबाजूला रक्त लागलेलं, दुसऱ्याचं. ती तशीच उभी राहिली. पाण्याचा आवाज येत होता. मी हळूच म्हणाले, "प्लीज." माझं ऐकल्याचं तिने दाखवलं नाही, पण नळी खाली केली, रायफल गवतात ठेवली आणि घराकडे परत गेली.

फोनला रेंज फक्त चर्चपाशी यायची. तिनेच कुणाला तरी तिकडे पाठवलं असणार. ती परत आली ती जुनी चादर घेऊन. चादर फाडून तिने आधी माझा हात एका फळकुटाला बांधला, मग चुलतभावाचं तोंड गुंडाळलं, आणि नवऱ्यापुढे उरलेला तुकडा टाकला. अँब्युलन्स आणि शेरीफचा माणूस यायला बराच वेळ लागला. तोवर आम्ही चौघं त्या काठावर बसून होतो. दोघा पुरुषांमध्ये राग उरला नव्हता. चुलतभावाने एकदा विचारलं की डोळा आहे का गेला, आणि म्हाताऱ्याने वाकून पाहून सांगितलं की दिसत नाही, रक्त फार आहे.

शेरीफचा माणूस त्याच खोऱ्यातला होता, तरुण, दोघांनाही काका म्हणणारा. त्याने चुलतभावाला विचारलं. चुलतभाऊ म्हणाला, घसरलो, फावड्यावर पडलो. म्हातारा म्हणाला, मीही घसरलो. मग शेरीफच्या माणसाने माझ्याकडे पाहिलं, आणि ते दोघंही माझ्याकडे पाहायला लागले.

"मिहा," म्हातारा समजूत घालत म्हणाला, "तूही घसरलीस ना? आमचं आम्ही मिटवू."

मिटवू. तो इंग्रजीत बोलला होता, पण माझ्या कानांना तो शब्द मराठीतच ऐकू आला.

मी लहान होते तेव्हा माझे वडील तालुक्याच्या एका गावात शिक्षक होते. शाळेत खिचडी मिळायची आणि आमच्या वस्तीतली मुलं व्हरांड्याच्या टोकाला वेगळी बसवली जायची. बाबांनी सगळ्यांना एका पंगतीत बसवलं. चौथ्या की पाचव्या दिवशी शाळा सुटल्यावर गावातल्या काहींनी त्यांना गाठून मारलं. लोखंडी नळीने जबडा मोडला. मी त्यांना बैलगाडीतून आणताना पाहिलं; मुंडासं तोंडावर दाबलेलं आणि त्यातून दात खाली पडलेला. ठाण्यात बसवून मोठ्या माणसांनी सांगितलं, गुरुजी, इथंच राहायचंय ना, आपसात मिटवा. बाबांनी मिटवलं. जबडा वाकडाच बसला. मरेपर्यंत भाकरी दुधात कुस्करून खायचे, आणि चावताना त्यांच्या कानापाशी होणारा कटकट आवाज पंगतीतल्या शेवटच्या माणसालाही ऐकू जायचा.

मी आधी चुलतभावाकडे आणि मग म्हाताऱ्याकडे बोट दाखवत शेरीफच्या माणसाला म्हणाले, "मी घसरले नाही. माझा हात यांनी मोडला. आणि सुरुवात त्यांनी केली."

मग मी सगळं सांगितलं, पहिल्यापासून, शरदात कुणी कुणाला ढकललं होतं तेही. गोळी कुणी मारली हे त्याने विचारलं. मी म्हटलं, त्यांना सोडवायला हिने पाटात मारली. त्यानंतर नळी कुणाकडे होती हे त्याने विचारलं नाही आणि मी सांगितलं नाही. म्हातारा माझ्याकडे पाहत होता. रागाने नाही, मी भलतीच कुणीतरी निघाले असं त्याला वाटत असावं.

चुलतभावाचा डावा डोळा गेला. माझ्या हातात धातूची पट्टी आणि स्क्रू बसवले. दोघांवरही केस झाली. दोघंही म्हातारे म्हणून तुरुंगात कुणी गेलं नाही, पण कोर्टाने दोघांच्या बंदुका काढून घेतल्या आणि वरच्या दाराजवळ एका वेळी एकानेच जायचं असं बजावलं. खोऱ्यातल्या लोकांनी मात्र निकाल माझ्यावर काढला. मी कामावर परतले तेव्हा एकामागून एक पेशंटनी व्हिजिट कॅन्सल केल्या. एका घरी मुलाने दारातच सांगितलं की आईला आता व्यायामाची गरज नाही. आई मागे व्हीलचेअरवर बसलेली दिसत होती. एकदा गाडी लावून परत आले तर चारही टायर चिरलेले, आणि मागच्या काचेवर कोंबडीचं मुंडकं आपटून फेकलेलं. टो ट्रक येईपर्यंत मी बंद गाडीत बसून राहिले. समोरच्या पोर्चवरचा माणूस कॉफी पीत माझ्याकडे पाहत होता. नवरा या वेळी 'यार' म्हणाला नाही. त्याने गुपचूप माझ्या मॅनेजरला फोन केला आणि मला शहराजवळचा एरिया मिळाला.

त्यानंतर ऑगस्टमध्ये शहरातल्या सुपरमार्केटात कुणीतरी माझ्या दंडाला हात लावला. म्हाताऱ्याची बायको होती. मी एक पाऊल मागे सरकले. ती म्हणाली, घाबरू नको, आणि मला बाहेरच्या बाकावर घेऊन गेली.

ती आता बहिणीकडे राहत होती, शहरातच. नवरा गावात एकटा. मी विचारलं, माझ्यामुळे?

"तुझ्यामुळे," ती म्हणाली. "तू मिटवलं नाहीस, म्हणून." मग तिने डाव्या हाताने उजवा खांदा चाचपला. "हे घोड्यामुळे नाही."

लग्नानंतर दुसऱ्या वर्षी त्याने तिचा हात पिरगाळून खांदा उखडला होता. गावातल्याच एकाने तो ओढून बसवला, वाकडा. त्यानंतर किती वेळा, काय काय, ते ती बोलली नाही. फक्त म्हणाली की तो पडला आणि हॉस्पिटलात गेला, तेव्हा ती लग्नानंतर पहिल्यांदा घरात पाठ वळवून झोपली. तो खुर्चीत होता तोवर तिला बरं गेलं. म्हणून ती मला फोन करून येऊ नको म्हणायची.

"तू त्याला इतकं मन लावून शिकवायचीस," ती म्हणाली. "तो पायरी चढला की तू टाळ्या वाजवायचीस. मी चुलीपाशी उभी राहून ऐकायची."

मी तिला विचारलं की त्या दिवशी मी प्लीज म्हटलं नसतं तर. ती म्हणाली, ठाऊक नाही. हात दुखायला लागला होता, रायफल जड होती.

मी म्हटलं, खांदा दाखवा. तिथेच बाकावर मी तिचा हात धरून किती वर जातो ते पाहिलं. मग तिच्या डॉक्टरकडून रेफरल, म्हणजे फिजिओसाठीची चिठ्ठी, काढायला लावला, आणि आठवड्यातून दोनदा तिच्या बहिणीच्या घरी जायला लागले. इतक्या वर्षांचा आखडलेला खांदा. सोडवताना ती दात आवळून रडायची आणि मला थांबू द्यायची नाही. माझाही डावा हात पूर्ण वळत नव्हता, त्यामुळे तिचा हात वर उचलताना दोघींच्याही तोंडून आवाज निघायचे आणि बहीण स्वयंपाकघरातून विचारायची की आत कोण मरतंय.

"पूर्ण वर जाईल का?" तिने एकदा विचारलं.

"नाही," मी म्हटलं. "कपाळापर्यंत येईल."

"स्टिअरिंग धरता येईल?"

तिला त्याने कधी गाडी शिकू दिली नव्हती. मी म्हटलं, स्टिअरिंगला एवढा पुरेल. दोन आठवड्यांनी गेले तर बहीण दारातच तक्रार करायला उभी. हिने गाडी मागे घ्यायच्या ऐवजी पुढे घातली होती, शेजाऱ्याचं कुंपण आडवं केलं होतं, हेडलाइट फुटला होता. ती आत सोफ्यावर बसली होती, खांद्यावर बर्फाची पिशवी आणि हनुवटीवर खरचटलेलं, आणि मला म्हणाली की आज व्यायाम लवकर उरक, शेजारी घरी यायच्या आत तिला पुन्हा एकदा चालवून बघायची आहे.